आइसलँड: पाच दिवसांत ज्वालामुखी आणि हिमनद्या, प्लॅन तपासून द्या

पायताण (धागाकर्ता)

मंडळी, गेली तीन वर्षं नुसती मनात घोळवलेली आइसलँडची फेरी एकदाची ठरतेय. सप्टेंबरचा दुसरा आठवडा. मी, बायको आणि मेहुणा. येण्याजाण्याचे दिवस सोडून हातात पाच पूर्ण दिवस आहेत. तिघांनाही डोंगर चढायची सवय आहे, पण हिमनदीवर कुणीच पाऊल ठेवलेलं नाही.

मेहुण्याचा उत्साह उतू जातोय, त्यामुळे बेत त्यानेच आखलाय. एक नंबरचा रस्ता, म्हणजे बेटाला वळसा घालणारा रिंग रोड, १३२२ किलोमीटरचा. भागिले पाच केलं की रोजचे २६५. "एवढं तर आपण जेवणाआधी उरकतो," इति मेहुणा. वाटेत लान्दमान्नालौयगारचे रंगीत डोंगर, एक बर्फाची गुहा, एक हिमनदी (गाइडशिवाय, कारण बुटाला लावायचे काटे त्याने आधीच मागवलेत) आणि जमलं तर वाहता लाव्हा. गाडी सगळ्यात छोटी आणि स्वस्त.

काहीतरी चुकतंय असं सारखं वाटतंय, पण नेमकं कुठे ते मला त्याला पटवून देता येत नाहीये. जाणकारांनी प्लॅन फाडावा ही विनंती.

काकडआरती

मेहुण्यास दंडवत. पहिल्या रांगेत जागा धरून बसलोय.

करडी_मांजर

दोनदा जाऊन आलेय, एकदा जूनमध्ये, एकदा ऑक्टोबरात. फाडते.

ते २६५ किलोमीटर म्हणजे गाडी कुठेही न थांबवता केलेला हिशेब. तिथे दर वीस मिनिटांनी कुणीतरी "थांब थांब" ओरडतं. डांबरी रस्त्यावर कमाल वेग ताशी ९०, खडीच्या रस्त्यावर ८०, वस्तीत ५०. मधूनच एकेरी पूल येतात. "आयनब्रेद ब्रू" अशी पाटी दिसली की वेग कमी करायचा, पुलाशी जो आधी पोचला तो आधी जातो. दिवसासुद्धा दिवे चालू ठेवायचे हा कायदाच आहे. पाच दिवसांत वळसा पुरा होतो हो, नाही असं नाही. पण मग देश काचेतून बघून याल.

वळसा विसरा. राजधानी रेक्याविकहून दक्षिण किनाऱ्याने योकुलसारलोनपर्यंत जा आणि त्याच रस्त्याने परत या. एका बाजूचं अंतर साधारण ३८० किमी. धबधबे, काळी वाळू, हिमनद्या, लाव्हाची पठारं, हिमनगांचं सरोवर, सगळं या एका पट्ट्यात आहे. त्याच रस्त्याने परत म्हणून नाक मुरडू नका. जाताना ढगात गेलेला डोंगर येताना दिसतो.

आणि पाचातला एक दिवस कोरा ठेवा. त्या दिवशी कुठलंही बुकिंग नको.

ओला_बूट

मांजरबाईंशी सहमत. छोट्या गाडीबद्दल माझी भर.

लान्दमान्नालौयगारला जाणाऱ्या रस्त्यांच्या नंबराआधी एफ हे अक्षर असतं. एफवाल्या रस्त्यांवर फोर बाय फोरशिवाय गाडी घालायला कायद्यानेच बंदी आहे. हे रस्ते जूनच्या शेवटी किंवा जुलैत उघडतात आणि सप्टेंबरात बर्फ पडला की बंद होतात. मोठी गाडी घेतली तरी वाटेतल्या नद्या पुलाविना ओलांडायच्या असतात, आणि इंजिनात पाणी शिरलं तर विमा हात वर करतो. फारच जीव अडकला असेल तर हंगामात तिकडे उंच चाकांच्या बस जातात, पण त्यात आख्खा दिवस जाणार. रस्ता सोडून गाडी मोकळ्या मैदानात घालणं हाही गुन्हा आहे आणि दंड सणसणीत असतो. शेवाळावर उठलेली चाकोरी भरून यायला कित्येक दशकं लागतात.

मेहुण्याला सांगा, दक्षिण किनाऱ्याच्या डांबरी रस्त्याला सप्टेंबरात छोटी गाडी पुरते. तेवढा एक मुद्दा त्याचा बरोबर.

काटेवाला_मेहुणा

सदस्यत्व आत्ताच घेतलंय, फक्त बाजू मांडायला. मुद्दा एकच. सोल्हेमायोकुल हिमनदीचे व्हिडिओ पाहिले. पार्किंगपासून वीसेक मिनिटं चाललं की बर्फ सुरू, लोक रांगेने चालताहेत, चढ काही विशेष नाही. मग गाइडला माणशी पंधरा हजार क्रोनांच्या आसपास कशाला मोजायचे? त्यांच्या मागोमाग चालता येईलच की.

भूगर्भ

मेहुणेबुवा, स्वागत. बाजू मांडलीत, आता ऐका.

हिमनदी हे बर्फाचं मैदान नव्हे. नावाप्रमाणे ती नदीच आहे, फक्त आपल्या डोळ्यांना दिसणार नाही अशा वेगाने वाहते. खालचा खडक उंचसखल असला की वरचा बर्फ तडकतो आणि भेगा पडतात. कधी भेगेवर भुसभुशीत बर्फाचं झाकण बसतं आणि वरून जमीन सलग दिसते. त्याशिवाय वितळलेलं पाणी भोवऱ्यासारखं फिरत खाली जातं आणि सरळ विहिरी कोरतं. त्यांचा तळ वरून दिसत नाही. कडा गुळगुळीत, ओल्या, आणि उतार त्यांच्याच दिशेने. सोल्हेमायोकुलवर वाटा सतत बदलतात, गाइड मंडळी रोज कुऱ्हाडीने पायऱ्या नव्याने खोदतात. व्हिडिओतली पायवाट आता अस्तित्वातच नसेल.

तुम्ही मागवलेले काटे निसरड्या फुटपाथसाठी असतात. हिमनदीला लांब दातांचे क्रॅम्पॉन लागतात, आणि ते घालून चालायचं तंत्र वेगळं: पाय फाकवून, तळवा सपाट टेकवून. नाहीतर एका पायाचा दात दुसऱ्या पायाच्या पँटमध्ये अडकून माणूस तोंडावर आपटतो. क्रॅम्पॉन, हेल्मेट, कमरेचा पट्टा हे सगळं गाइडच देतात, तुम्ही फक्त घोटा झाकणारे टणक तळाचे बूट न्या.

गाइड म्हणजे तरी कवचकुंडलं नव्हेत. ऑगस्ट २०२४ मध्ये ब्रेदामेरकुरयोकुल हिमनदीवर बर्फाची भिंत कोसळून एक पर्यटक गेला, एक जखमी झाला. ते गाइडसोबतच होते. वात्नायोकुलच्या निळ्या गुहा साधारण नोव्हेंबर ते मार्च बघायच्या, कारण थंडीत पाणी गोठून छत घट्ट राहतं. सप्टेंबरात तेच छत ठिबकत असतं. विक गावाजवळ कातला ज्वालामुखीच्या बाजूची गुहा वर्षभर दाखवतात, पण मला विचाराल तर या फेरीतून गुहा काढून टाका.

काटेवाला_मेहुणा

विहिरींचं माहीत नव्हतं. काटे परत करतो. गाइड घेऊ.

काकडआरती

एवढ्यात शरणागती? मी आत्ताच चहा टाकला होता.

शून्य_मिनिटे

ती नावं वाचताना जिभेला गाठ बसतेय. काही युक्ती आहे का?

करडी_मांजर

आहे. शेपटी ओळखायची. योकुल म्हणजे हिमनदी, फॉस म्हणजे धबधबा, लोन म्हणजे सरोवर, विक म्हणजे छोटी खाडी, ह्रौन म्हणजे लाव्हाचं पठार, फ्यातल म्हणजे डोंगर. मग एयाफ्यातलायोकुलचीही भीती वाटत नाही: बेटं-डोंगर-हिमनदी. समासाचा विग्रह शाळेत केलाय ना, तोच.

भूगर्भ

एयाफ्यातलायोकुलचं नाव निघालंच आहे तर थोडं पाल्हाळ लावतो. हे डोक्यात ठेवून गेलात तर तोच रस्ता वेगळा दिसेल.

आइसलँड अटलांटिकच्या मधल्या पर्वतरांगेवर बसलंय. उत्तर अमेरिकी आणि युरेशियन भूपट्ट इथे वर्षाला सुमारे दोन सेंटिमीटरने दुरावतात आणि खालून तप्त शिलारसाचा जास्तीचा पुरवठा होतो. थिंगवेटलिरला ही फाट जमिनीवर दिसते. तिच्याच कुशीत इ. स. ९३० पासून त्यांची लोकसभा, आल्थिंग, भरायची. देशाचा साधारण दहावा हिस्सा बर्फाखाली आहे. म्हणजे ज्वालामुखी आणि हिमनदी शेजारी शेजारी नाहीत, पुष्कळ ठिकाणी एकमेकांच्या डोक्यावर आहेत.

त्यामुळे गंमत होते, कधी जीवघेणी. शिलारस बर्फाच्या पाण्याला भिडला की फुटून त्याची बारीक राख होते. २०१० च्या एप्रिलमध्ये एयाफ्यातलायोकुलने हेच केलं आणि युरोपातली विमानं जवळपास आठवडाभर जमिनीवर राहिली. उद्रेक तसा मध्यमच होता. शेजारची कातला मिरदाल्सयोकुलच्या जाड बर्फाखाली आहे. ती १९१८ नंतर मोठी फुटलेली नाही.

दुसरा प्रकार म्हणजे योकुलह्लौप, हिमनदीतून सुटणारा महापूर. १९९६ च्या सप्टेंबरअखेर वात्नायोकुलखाली उद्रेक झाला. वितळलेलं पाणी बर्फाखालच्या ग्रिम्स्वोत्न सरोवरात साचत गेलं. सगळ्यांना माहीत होतं की ते सुटणार, फक्त कधी ते कुणाला सांगता येत नव्हतं. महिनाभर नुसती वाट पाहिली. ५ नोव्हेंबरला सुटलं, आणि ऐन भरात सेकंदाला ४५ ते ५० हजार घनमीटर पाणी आलं. रिंग रोडवरचा पूल गेला. त्याचे पिळवटलेले लोखंडी गर्डर स्काफ्ताफेलजवळ रस्त्याकडेला ठेवलेत, तिथे नक्की उतरा. मागची काळी, सपाट, न संपणारी वाळू अशाच पुरांनी आणून टाकलेली आहे. रिंग रोड १९७४ पर्यंत पुरा जोडला गेला नव्हता तो याच वाळूमुळे.

वाटेत एल्दह्रौन लागेल, मैलोन्‌मैल गादीसारखं करडं-हिरवं शेवाळ. खाली लाकी ज्वालामुखीचा लाव्हा आहे. १७८३ च्या जूनमध्ये जमीन सुमारे २७ किमी लांब फाटली आणि आठ महिने ओकत राहिली. विषारी धुक्याने गवत मेलं, गुरं मेली, मग दुष्काळ. देशातला साधारण पाचवा माणूस गेला. त्या शेवाळावर उड्या मारून फोटो काढणारे दिसले की माझं डोकं फिरतं.

शून्य_मिनिटे

+१. वाचनखूण साठवली.

हिशेबनीस

खर्चाचं कुणीच बोलत नाहीये म्हणून.

रोकड लागत नाही, सगळीकडे कार्ड. मात्र कार्डाचा पिन पाठ हवा, कारण बरेच पेट्रोलपंप माणसाविना चालतात आणि पिन मागतात. पिनाशिवाय कार्ड घेऊन आडगावी टाकी रिकामी झालेली माणसं मी पाहिलीत (आरशात). विकनंतर पंप विरळ होत जातात, अर्ध्यावर आली की भरा.

जेवण महाग आहे. बोनुस किंवा क्रोनन या दुकानांतून सामान घ्या आणि स्वयंपाकघर असलेली खोली बघा. पाणी विकत घेणं हा शुद्ध वेडेपणा, नळाचं थंड पाणी उत्तम असतं. गरम पाण्याला कुजक्या अंड्यांचा वास येतो; ते जमिनीखालून आलेलं असतं, अपाय काही नाही. बहुतेक प्रसिद्ध जागी प्रवेश फुकट पण पार्किंगला हजार क्रोनांच्या आसपास, फोनवरूनच भरायचे. कॅमेऱ्याने नंबर टिपला जातो, न भरता निसटायला जाऊ नका.

भारतीय पासपोर्ट असेल तर शेंगेन व्हिसा. सहा महिने आधीपासून अर्ज करता येतो, फी ९० युरो, आणि किमान ३०,००० युरोंचा वैद्यकीय विमा. परवाना रोमन लिपीत छापलेला आणि फोटोसकट हवा.

ओला_बूट

विम्यावरून आठवलं. वाऱ्याबद्दल कुणी बोललंच नाही! थंडीचा बाऊ करू नका, सप्टेंबरात दिवसा पाच ते दहा अंश असतं. खरा खलनायक वारा. मी तिथे गाडीचं दार उघडलं, वाऱ्याने ते हातातून हिसकावून पुढे दुमडलं. बिजागरी गेली. भाड्याने गाडी देणाऱ्यांनी करारातलं बारीक कलम दाखवलं: वाऱ्याने मोडलेलं दार विम्यात नाही. त्या बिलात तिघांची हिमनदीवारी आरामात झाली असती.

तेव्हापासूनचा नियम: गाडी वाऱ्याकडे तोंड करून उभी करायची, एका वेळी एकच दार, दोन्ही हातांनी धरून. वाळू-राखेचा वेगळा विमाही विचारा, दक्षिणेच्या वाळूत वारा सुटला तर गाडीचा रंग खरवडून निघतो.

तिथला हवामान विभाग वाऱ्याचा वेग मीटर प्रति सेकंदात देतो. त्याला ३.६ ने गुणायचं. "वीस" वाचून हसू नका, ते ताशी ७२ किमी झाले. पंधराच्या वर गेला की उंच गाड्यांनी जपायचं, वीसच्या वर मी तरी चाकाला हात लावत नाही. इशारे पिवळा, नारिंगी, लाल असे असतात. रस्त्यांचा वेगळा नकाशा असतो, बंद रस्ते त्यात दिसतात. सकाळी दात घासायच्या आधी हे दोन्ही बघायचं. संकटात ११२, त्यांचं ॲपही आहे, ते तुमचं ठिकाण कळवतं. आणि लक्षात असू द्या, शोधायला जे येतात ते बहुतेक स्वयंसेवक असतात, आपली कामंधंदे टाकून आलेले.

करडी_मांजर

कोरा दिवस कशाला म्हटलं ते आता कळलं असेल.

कपड्यांचं एका वाक्यात: जीन्स नको, छत्री नको, आत लोकर, वरून पाणी आणि वारा अडवणारं जाकीट-पँट.

आणि रेनिसफ्यारा. विकजवळचा काळ्या वाळूचा, बसाल्टच्या खांबांचा किनारा. सुंदर आहे आणि तिथे माणसं मेली आहेत. पाच-सहा लाटा शहाण्यासारख्या येतात, आणि मग एक येते ती थेट गुहेपर्यंत. पाणी पायाखालची वाळू ओढून नेतं. पार्किंगजवळ दिवे लावलेत, लाल असेल तर खाली उतरायचंच नाही. समुद्राकडे पाठ करून फोटो काढायचा नाही. मेहुणेबुवा, हे तुम्हालाच.

काटेवाला_मेहुणा

मला सगळे ओळखायला लागले वाटतं. वाहत्या लाव्हाचं काय?

भूगर्भ

ते ठरवून होत नाही. रेक्यानेस द्वीपकल्प सुमारे ८०० वर्षं निपचित होतं. मार्च २०२१ मध्ये फाग्रादाल्सफ्यातलला फुटलं, पुढे २०२२ आणि २०२३ मध्ये परत. डिसेंबर २०२३ पासून शेजारच्या सुंधनुकूर विवरांच्या ओळीत भेगा पुन्हापुन्हा उघडल्या. त्याआधीच, १० नोव्हेंबर २०२३ च्या रात्री, ग्रिंदाविक हे आख्खं गाव रिकामं करावं लागलं. लोकांची घरं गेलीत, त्यामुळे "लाव्हा दिसावा" हा नवस जरा जपून बोला. तुम्ही असताना काही उघडलंच तर प्रशासन सांगेल तिथूनच बघायचं, वारा पाठीवर ठेवून. गंधकाचा वायू खोलगट जागी साचतो. नाहीतर २०२१ चा थिजलेला लाव्हा चालत जाऊन बघता येतो. त्यावर चढू नका, वरचा पापुद्रा पोकळ असतो.

पायताण

सगळ्यांचे आभार. काल रात्री तिघं बसलो आणि नवा बेत केला. पहिला दिवस थिंगवेटलिर, गेसिरचा स्त्रोक्कुर हा गरम पाण्याचा फवारा (दर सहा ते दहा मिनिटांनी उडतो म्हणे), गुटलफॉस. दुसरा सेल्यालान्द्सफॉस, स्कोगाफॉस आणि दुपारी सोल्हेमायोकुल, गाइडसह. मुक्काम विक. तिसरा एल्दह्रौन, ते गर्डर, स्काफ्ताफेलमध्ये स्वार्तिफॉसपर्यंत चढ. चौथा सकाळी योकुलसारलोनला बोट, मग परतीची वाट. पाचवा कोरा. बायकोने कोऱ्या दिवसाच्या चौकटीत लाल पेनाने "हात लावू नये" लिहिलंय.

शून्य_मिनिटे

स्कोगाफॉसवरून फिम्वर्दुहाउल्सचा ट्रेक? २०१० ची दोन नवी विवरं वाटेवर आहेत.

करडी_मांजर

थोर्समोर्कपर्यंत २५ किमी, हजार मीटर चढ, माथ्यावर सप्टेंबरातही बर्फ-धुकं. पाच दिवसांच्या फेरीत नको. पाचशेवर पायऱ्या चढून धबधब्याच्या डोक्यावर जा आणि नदीकाठाने तासभर आत चाला. एकामागून एक धबधबे लागतात, गर्दी पहिल्या वळणाला संपते.

पायताण

परत आलो. वृत्तांत सवडीने लिहीन, आत्ता फक्त ठळक.

दुसऱ्या दिवशी सकाळी नारिंगी इशारा. हिमनदीवाल्यांनी स्वतःच फोन करून फेरी रद्द केली, पैसे परत. दिवसभर खोलीतच तिघं पत्ते खेळत बसलो. खिडकीबाहेर एक कचऱ्याचा डबा आडवा झाला आणि सरपटत रस्ता ओलांडून गेला. मेहुणा त्याच्याकडे बराच वेळ बघत होता. मग म्हणाला, "२६५ किलोमीटर." आणि पत्ते पिसायला लागला.

मग सगळं एक दिवस पुढे सरकवलं. बायकोच्या लाल पेनाचा दिवस तिथे खर्ची पडला. हिमनदी परतीच्या वाटेवर केली. बर्फ पांढरा नसतो हे कुणी सांगितलंच नव्हतं. जुन्या राखेने काळाठिक्कर, जणू कुणी कोळसा उधळलाय, आणि भेगेत डोकावलं की आत निळं. गाइड मुलीने एका विहिरीच्या काठापासून दोन मीटरवर थांबवलं आणि बर्फाचा खडा आत टाकला. आवाज यायला जो वेळ लागला तो मेहुण्याने मोजला. सांगत नाही किती. परतताना सरोवराकाठी तिने दाखवलं, ती नवीन असताना बर्फ कुठवर होता. आता तिथे पाणी आहे.

योकुलसारलोनला हिमनग उलटताना पाहिला. आधी कुरकुर, मग एकदम पोट वर, काचेसारखं. त्याच रात्री ढग फाटले आणि नॉर्दर्न लाइट्सचा हिरवा प्रकाश दिसला, दहा मिनिटं. एकही फोटो धड आलेला नाही.

ओला_बूट, दार दोन्ही हातांनी धरलं होतं. थँक्यू.

काकडआरती

आणि पोहण्याचे सार्वजनिक तलाव? कपडे काढून आंघोळ केल्याशिवाय पाण्यात सोडत नाहीत म्हणे?

पायताण

नाहीच सोडत. साबण लावून, पोहण्याचे कपडे न घालता, सगळ्यांसमोर. भिंतीवर कुठे कुठे घासायचं त्याचं चित्रसुद्धा असतं. मेहुण्याने वृत्तांतात हे घालायला बंदी केलीय.

नवा_भिडू

छान धागा. आम्ही चौघं फेब्रुवारीत चार दिवसांत पूर्ण रिंग रोड करायचा म्हणतोय. छोटी गाडी चालेल ना?

काटेवाला_मेहुणा

नाही. बसा, वरपासून वाचा, मग बोलू.